बसने केलेली परिक्रमा

नर्मदेला देवी मानून तिच्याभोवती घातलेली प्रदक्षिणा म्हणजे नर्मदा परिक्रमा. काठावरची माणसे तिला परकम्मा म्हणतात. नदी मैकल डोंगरावर अमरकंटकला उगम पावते, विंध्य आणि सातपुडा यांच्यामधून पश्चिमेकडे वाहते आणि १,३१२ किलोमीटरचा प्रवास करून भरूचच्या पुढे खंबातच्या आखाताला मिळते. दोन्ही तट मिळून चालणाऱ्याच्या वाट्याला अडीच हजार किलोमीटरांहून जास्त अंतर येते. परंपरेने सांगितलेली मुदत तीन वर्षे, तीन महिने, तेरा दिवसांची आहे आणि चातुर्मासात एका जागी थांबायचे असते. आज पायी जाणारे बहुतेकजण काही महिन्यांत फेरी पुरी करतात. गेल्या काही दशकांत तिसरा प्रकार रूढ झाला आहे. पुणे, नाशिक, मुंबई, नागपूर अशा शहरांतून निघणाऱ्या यात्रा बसगाड्या साधारण पंधरा ते वीस दिवसांत हीच फेरी घालतात. सोबत आयोजक, स्वयंपाकी आणि माहिती सांगणारा माणूस असतो. प्रवाशांत साठी ओलांडलेल्यांचा भरणा मोठा असतो. या फेरीला परिक्रमा म्हणायचे की नाही, हा वाद मराठी भाविकांत पुन्हा पुन्हा निघतो. तो थट्टेवारी नेण्याजोगा नाही, कारण धार्मिक कृत्य कशाने पूर्ण होते हा जुना प्रश्नच त्यात दडलेला आहे.

परिक्रमेचा मुख्य नियम नदी उजव्या हाताला ठेवण्याचा आणि तिचे पात्र कुठेही न ओलांडण्याचा. बसही तो पाळते. ओंकारेश्वरला संकल्प सोडून, बाटलीत नर्मदेचे जल भरून घेऊन गाडी दक्षिण तटाने समुद्राकडे जाते, उत्तर तटाने पूर्वेला येते आणि अमरकंटकच्या उगमाला वळसा घालून पुन्हा दक्षिण तटाने परतते. या नियमाची खरी कसोटी जबलपूरला लागते. शहर उत्तर तटावर आहे आणि नागपूरकडे जाणारा महामार्ग तिलवाराघाटाच्या पुलावरून नदी ओलांडतो. जबलपूरकर तो पूल सहज पार करतात. परिक्रमेतल्या गाडीला मात्र तो बंद असतो. ग्वारीघाटावर संकल्प सोडणाऱ्या जबलपूरच्या माणसालाही नागपूरची ती वाट फेरी पुरी होईपर्यंत मिटलेलीच. भेडाघाटला धुवांधार काठावरून पाहायचा. नियम काटेकोर पाळायचा तर प्रपातावरून पलीकडे नेणारा रोपवे सोडावा लागतो आणि संगमरवरी कड्यांमधला नौकाविहारही. टेकडीवरचे कलचुरिकालीन चौसष्ट योगिनी मंदिर उत्तर तटावरच असल्याने तेवढे दर्शन घडते. परतताना दक्षिण तटाने येणारी बस जबलपूर शहरात येऊ शकत नाही. सहलीला आलेला माणूस जे आधी पाहील, ते परिक्रमेला आलेला सोडून देतो. बसमध्ये बसूनही हा त्याग खराच असतो, आणि टीकाकारांनी तो मोजायला हवा.

शास्त्रांनी वाहनाचा विचार केलेला आहे. महामहोपाध्याय पां. वा. काणे यांच्या धर्मशास्त्राच्या इतिहासाचा चौथा खंड १९५३ साली निघाला. त्यात तीर्थयात्रेवरची वचने एकत्र मिळतात. त्यांपैकी काही वाहनाला सरळ नाकारतात. मत्स्यपुराण सांगते की ऐश्वर्याच्या लोभाने किंवा मोहाने जो वाहनातून तीर्थाला जातो त्याची यात्रा निष्फळ होते. दुसऱ्या एका वचनात प्रतवारी आहे: बैलांच्या गाडीने गेल्यास गोवधाचे पाप, घोड्याच्या वाहनाने गेल्यास फळ शून्य, माणसांनी वाहिलेल्या वाहनाने अर्धे आणि पायी गेल्यास त्याच्या चौपट. कुणाच्या नावाने दर्भाची प्रतिमा तीर्थात बुडवली तर ज्याच्यासाठी बुडवली त्याला आठवा हिस्सा मिळतो, असेही सांगितले आहे. आजच्या वाचकाला हा हिशेब विचित्र वाटेल, पण त्यामागची दृष्टी उदार आहे. जाता न येणाऱ्याला शास्त्रकारांनी दाराबाहेर ठेवलेले नाही. त्यालाही काही वाटा ठेवला आहे. पैठणहून काशीला गेलेल्या घराण्यातल्या नारायणभट्टांनी सोळाव्या शतकात ‘त्रिस्थलीसेतु’ लिहिला, त्यातही तीर्थाचे नियम माणसाच्या शक्तीशी जुळवून पाहण्याची हीच रीत दिसते.

या वचनांमधून आणखी एक गोष्ट हाती लागते. बैल, घोडा आणि पालखीचे भोई या तिघांचेही कष्ट दुसऱ्याच्या पुण्यासाठी खर्ची पडतात. दोष वेगाला लागत नाही. आपल्या यात्रेचा भार दुसऱ्या जिवावर टाकण्याला तो लागतो. मोटार कुणा प्राण्याला ओढावी लागत नाही, म्हणून बस या दोषातून सुटते असे कुणी म्हणेल. पण बसला चालक आहे आणि पहाटे चारला उठून चहा-नाश्त्याला लागणारा स्वयंपाकीही आहे. एकाच हंगामात ही माणसे नर्मदेला अनेक फेऱ्या घालतात. संकल्प न सोडल्यामुळे शास्त्राच्या हिशेबात त्यांची एकही फेरी धरली जात नाही, आणि घाटावर स्नानाला त्यांना बहुधा सवड नसते. बसच्या परिक्रमेविषयीचा सगळ्यांत अवघड प्रश्न हा आहे; प्रवाशांच्या पायांविषयीचा प्रश्न त्यापुढे सोपा आहे. आयोजकाने चालकालाही संकल्पाला बसवले, एखाद्या मुक्कामी स्वयंपाक प्रवाशांनीच केला, तर या यात्रेचा एक मोठा दोष तिथल्या तिथे कमी होतो.

परिक्रमा मोडली कधी म्हणायची, याविषयी जबलपूरनेच एक उदाहरण दिले आहे. चित्रकार आणि लेखक अमृतलाल वेगड (१९२८–२०१८) याच शहरातले, शांतिनिकेतनात शिकलेले. वयाच्या पन्नाशीला टेकताना, १९७७ साली, ते जबलपूरहून मंडल्याच्या दिशेने चालू लागले आणि पुढे वर्षानुवर्षे तुकड्यातुकड्यांनी नर्मदेच्या काठाने चालत राहिले. मधल्या काळात ते घरी येत. त्यांच्या चालण्यात पुण्यापेक्षा सौंदर्याचा शोध होता. त्यांची ‘सौंदर्य की नदी नर्मदा’ आणि त्यापुढची पुस्तके नर्मदेवर प्रेम करणारे कितीतरी मराठी वाचकही वाचतात. आता वेगडांची खंडपरिक्रमा आणि बसची फेरी शेजारी ठेवून पाहावी. वेगडांनी अखंडता सोडली आणि पाय राखले; बस पाय सोडते आणि अखंडता राखते. नियमाच्या भाषेत बस वरचढ ठरते. तरीही वेगडांच्या चालण्याला परिक्रमा म्हणताना कुणाची जीभ अडखळत नाही. याचा अर्थ लोकांच्या मनात या कृत्याचे मर्म नियमाबाहेरच्या कशाततरी आहे.

ते मर्म केवळ श्रमात आहे असे मानले तर अडचण येते. दर्शनानेच पावन करणारी नदी अशी नर्मदेची पुराणांतली ख्याती. गंगेत स्नान करावे लागते, नर्मदा नुसती पाहिली तरी पुरे. दर्शनच पुरेसे असेल तर अडीच हजार किलोमीटरांच्या चालीचे प्रयोजन उरत नाही, आणि ग्वारीघाटावर संध्याकाळच्या आरतीला उभा राहिलेला कुणीही तितकाच पावन होतो. मग परिक्रमा उरते कशासाठी? पायी जाणाऱ्यांनी लिहिलेल्या मराठी पुस्तकांमध्ये याचे उत्तर सापडते. गो. नी. दांडेकर, जगन्नाथ कुंटे, भारती ठाकूर यांचे पिंड वेगळे, काळ वेगळे, पण तिघांच्याही लेखनात नदीइतकीच जागा तिच्या काठच्या माणसांना मिळाली आहे. परिक्रमावासी सदावर्त घेतो, म्हणजे गावकऱ्यांनी दिलेला शिधा. रात्री कुणाच्या तरी ओसरीवर पथारी टाकतो. नाव, हुद्दा, गावातली पत सगळे मागे पडून तो ‘बाबाजी’ होतो आणि ती ‘माताजी’. सातपुड्यातल्या शूलपाणीच्या झाडीत तर भिल्ल त्याच्याजवळचे उरलेसुरलेही काढून घेत. त्यांना परिक्रमावासी ‘मामा’ म्हणत, कारण नर्मदामैयाचे ते भाऊ. त्या लुटीमागे उपासमार होती हे विसरून चालणार नाही, पण लुटला गेलेला माणूसही तिला यात्रेचा भाग मानत असे. भारती ठाकूर तर परिक्रमेनंतर नर्मदाकाठीच राहिल्या आणि तिथल्या मुलांसाठी शाळा चालवू लागल्या. चालताना जे घेतले ते फेडण्याची ही एक रीत.

म्हणून असे म्हणावे लागते की परिक्रमेचे मर्म परावलंबनात आहे. घरी इतरांना देणारा माणूस इथे काही महिने अनोळखी, बहुधा आपल्याहून गरीब माणसाच्या हातून घेतो. वासुदेवानंद सरस्वती टेंबेस्वामी पायीच भारत फिरले आणि १९१४ साली नर्मदाकाठी गरुडेश्वरला समाधिस्थ झाले. त्यांच्यासारख्या संन्याशाला हे परावलंबन व्रत म्हणूनच लागू होते. परिक्रमा ते गृहस्थालाही काही काळ देऊ करते. बसमधला प्रवासी मात्र सगळे पैसे आधीच भरून आलेला असतो. त्याला कुणाकडे काही मागावे लागत नाही, जेवण वेळेवर मिळते आणि सहप्रवाशांसाठी तो काका किंवा मावशीच राहतो. मोटाररस्ता पुष्कळ ठिकाणी नदीपासून लांबून जातो, त्यामुळे मैया घाटावर थांबले तेवढीच दिसते, आणि मधली गावे खिडकीतून सरकत जातात. बसच्या परिक्रमेची उणीव ही आहे. पाय दुखले नाहीत ही तक्रार तिच्यापुढे किरकोळ आहे.

पण चालण्याने माणूस आपोआप मोकळा होतो असेही नाही. इरावती कर्वे यांनी पंढरीच्या वारीवर लिहिताना नोंदवले आहे की एकाच वाटेने, एकाच नामघोषात चालणाऱ्या दिंडीतही जेवणाच्या पंगती जातीनुसार वेगळ्या बसत. नर्मदेच्या काठी पायी चालणाराही आपला अहंकार पाठीवरच्या पिशवीत घालून नेऊ शकतो. आणि समुद्राशी पोचल्यावर पायी आणि बसने आलेले सगळे एकाच स्थितीत येतात: दक्षिण तटावरून उत्तरेच्या मिठी तलाईला जायचे तर दोघांनाही भरतीची वाट पाहत किनाऱ्यावर थांबावे लागते आणि होडीतच बसावे लागते. तिथे कुणाच्याही पायांचा उपयोग नसतो.

पायवाटही आता जुनी राहिलेली नाही. जबलपूरच्या वर बर्गी धरण १९९० मध्ये पुरे झाले आणि त्याचे पाणी मंडल्याच्या बाजूला पसरले. वेगड ज्या काठाने पहिल्यांदा चालले त्यातला मोठा भाग आज जलाशयाखाली आहे. सरदार सरोवरात शूलपाणेश्वराचे मूळ देऊळ बुडाले, नवे गोरा येथे बांधले गेले, आणि झाडीतली जुनी वाटही गेली. पायी जाणाऱ्यालाही आता लांबच लांब डांबरी रस्त्याने, नदी नजरेआड ठेवून चालावे लागते. ज्यांची गावे या पाण्यात गेली त्यांच्यापैकी कितीतरी जणांच्या ओसऱ्यांवर पूर्वी परिक्रमावासी झोपले होते. मैयाची प्रदक्षिणा घालणाऱ्याने, पायी असो की बसने, या गावांची नावे जाणून घ्यावीत, इतकी अपेक्षा अवाजवी नाही.

जबलपूरहूनच निघणाऱ्या दुसऱ्या एका सहलीशी तुलना केली तर नियमांचे स्वरूप अधिक स्पष्ट होते. मंडल्यापलीकडे मैकल डोंगरांत कान्हा आहे. १९५५ पासून ते राष्ट्रीय उद्यान आणि १९७३ पासून व्याघ्रप्रकल्प आहे. कडक जमिनीवर राहणारी बारशिंग्यांची जात तिथेच नामशेष होता होता वाचली. तिथे पर्यटकाने चालणे हाच गुन्हा ठरतो. ठरलेल्या वाहनात, मार्गदर्शकासोबत, ठरलेल्या वेळेतच आत जावे लागते आणि मध्ये खाली उतरता येत नाही. जंगल माणसापासून राखायचे म्हणून तिथे वाहनाची सक्ती आहे. परिक्रमेचा पायी जाण्याचा आग्रह उलट दिशेचा आहे: माणसाला नदीच्या आणि काठच्या लोकांच्या स्वाधीन करायचे आहे. बसचे आयोजक कधी कधी दोन्ही एकाच कार्यक्रमात बसवतात. त्यात गैर काही नाही, पण कान्ह्यात जीपमधून पाहण्याची जी सवय लागते ती घेऊनच पुढच्या घाटावर उतरले तर तो घाटही पाहण्याच्या यादीतले एक ठिकाण होऊन बसतो.

ज्यांना चालणे शक्यच नाही त्यांच्यापुरता प्रश्न मुळातच वेगळा आहे. गुडघे गेलेले, हृदयविकाराचे, आजारी जोडीदाराला सोडून महिनोन्‌महिने बाहेर राहू न शकणारे, आणि नोकरी-संसारातून आयुष्यात पहिल्यांदाच पंधरा दिवस काढू शकलेल्या बायका यांना मत्स्यपुराणाचा निषेध लागत नाही, कारण तो निषेध ऐश्वर्याचा लोभ आणि मोह यांचा आहे. त्यांची परिक्रमा पूर्ण मानावी. ज्याला चालता येते आणि वेळही आहे, त्याने बस निवडली तर त्याची फेरी नियमाने पूर्ण होते, मर्माने अपुरी राहते. परंपरेने त्याच्यासाठीही लहान वाटा ठेवल्या आहेत. गुजरातेत तिलकवाडा आणि रामपुरा यांच्या परिसरात नदी उत्तरेकडे वाहते. चैत्रात तिथे एका दिवसात पायी उत्तरवाहिनी परिक्रमा होते आणि तीत नदी होडीने ओलांडली तरी चालते. खंडपरिक्रमा तर वेगडांनी दाखवलीच आहे.

पूजेच्या संकल्पात आपल्या ज्ञानाप्रमाणे आणि मिळाल्या साधनांनिशी हे कर्म करतो, असे म्हणायची रीत जुनीच आहे. बसने निघणाऱ्यांचा संकल्प सांगताना पुरोहिताने वाहनाचा उल्लेख उघड करावा, तो झाकून ठेवण्याचे कारण नाही. मग ओंकारेश्वरला परतल्यावर बाटलीतले जल वाहताना आणि कढाईच्या प्रसादाला कन्यांना बसवताना यजमान जेवढे केले तेवढेच अर्पण करतो, आणि शास्त्राला तेवढेच अपेक्षित आहे.