बिरड्याचा रोजा

अलिबागच्या इस्रायल आळीत दुपारपासून पाऊस ओतत होता. ओटीवर, भुईवरच बसून आजी मोड आलेले कडवे वाल सोलत होती. काल दिवस मावळल्यापासून तिच्या तोंडात पाण्याचा थेंब नव्हता. आव महिन्याची नववी तिथी. बेने इस्रायली यहुद्यांचा बिरड्याचा रोजा.

"आजी, बिरड्यासाठी कुणी उपास करतं का?"

"बिरडं रोजा सोडायला रे. उपास यरुशलेमच्या मंदिरासाठी. पहिलं बाबेलच्या राजानं जाळलं, दुसरं रोमनांनी, सन 70 मध्ये. दोन्हींचा शोक आजच."

"रोमनांनी का जाळलं?"

"आपल्या तालमुद ग्रंथात गोष्ट आहे. यरुशलेमात एकाकडे मेजवानी होती. त्याचा मित्र कामसा, वैरी बार-कामसा. गड्यानं नावात घोळ केला आणि बोलावणं गेलं वैऱ्याला. त्याला वाटलं, राग निवला असेल. आला बिचारा. यजमान म्हणाला, 'ऊठ!' तो म्हणाला, 'चारचौघांत लाजवू नका, माझ्या जेवणाचे पैसे देतो.' 'नको.' 'अर्ध्या मेजवानीचे?' 'नको.' 'सगळ्या मेजवानीचे?' यजमानानं त्याला धरून बाहेर काढलं. मग त्यानं रोमच्या बादशहाचे कान भरले, यहुदी बंड करताहेत म्हणून. पुढं शहराची राख झाली."

"चूक यजमानाची!"

"बार-कामसाचीही. पण त्याच्या मनाला काय लागलं ठाऊक आहे? पंगतीत मोठमोठे धर्मपंडित बसले होते. एकानंही तोंड उघडलं नाही."

नातवाच्या बोटांतून एक वाल निसटला. तो हळूच म्हणाला, "ताईच्या लग्नाआधी मलिद्याच्या विधीला काका आले, तेव्हा बाबा 'तुला कुणी बोलावलं?' म्हणाले. तू तिथंच होतीस ना?"

आजीचा हात थांबला.

"होते. खाली मान घालून ताटलीतले गोड पोहे चिवडत होते."

परातीत सालींचा ढीग साचला होता. आजी बराच वेळ त्याच्याकडे बघत राहिली.

"आपले जुने गुरू म्हणतात, दुसरं मंदिर विनाकारण द्वेषानं पडलं. द्वेष एक-दोघांचाच असतो रे, पण तो पोसतात मुकाट जेवणारे." तिनं पदराला हात पुसले. "छत्री घे. काकाला सांग, आईनं रोजा सोडायला बोलावलंय. तुझ्या बाबाशी मी बोलते. आणि निरोप नीट दे हो, नावात घोळ नको."