जीर्णोद्धार कोणाचा?

नवें देऊळ बांधण्यापेक्षां जुन्याचा जीर्णोद्धार करण्यांत पुण्य अधिक, असें आपल्याकडे मानतात. देवळाच्या बाबतींत हा विचार सरळ आहे; कारण देऊळ कोणीं बांधलें यापेक्षां तें कोणासाठीं बांधलें, यालाच तेथें महत्त्व असतें. परंतु जी वास्तु एका माणसाच्या वैभवासाठीं आणि अनेकांच्या हालअपेष्टांवर उभी राहिली, तिचा जीर्णोद्धार करणें उचित कीं अनुचित? या प्रश्नाच्या विचारासाठीं आम्ही एक दूरचें उदाहरण घेतों. तें दूरचें असलें तरी अगदींच परकें नाहीं.

स्कॉटलंडच्या उत्तरेस ऑर्कनी नांवाचा द्वीपसमूह आहे. त्यांतील राउझी या लहानशा बेटावर ट्रमलंड हाउस नांवाचा दगडी वाडा उभा आहे. डेव्हिड ब्राइस या नामांकित शिल्पज्ञाच्या आराखड्यावरून तो १८७० नंतरच्या दशकांत बांधला गेला. पुढें त्याची पडझड झाली, आणि अलीकडच्या काळांत खाजगी मालकांनीं वाडा व बाग पुन्हा नीटनेटकीं करण्याचें काम अंगावर घेतलें.

आतां या वाड्याचा पाया कशावर रचला गेला तें पाहूं. कुमाऊंवर सुमारें वीस वर्षें कंपनी सरकारचा कमिशनर म्हणून अंमल चालविणाऱ्या जॉर्ज विल्यम ट्रेल यानें हिंदुस्थानांतून परतल्यावर राउझीवर जमिनी विकत घेतल्या. नंदादेवीजवळच्या एका खिंडीस आजही त्याचें नांव आहे. १८४५ सालीं त्यानें क्वांडेल येथील कुळांना मेंढ्यांच्या कुरणासाठीं हुसकून लावलें. त्यांच्या घरांचे अवशेष अद्याप त्या माळावर आहेत. त्याच्या पश्चात् ही जहागीर त्याचा आप्त फ्रेडरिक विल्यम ट्रेल-बरोज याजकडे आली. १८५७ सालीं लखनौच्या सिकंदरबागेंत लढलेला आणि पुढें जनरल झालेला हाच तो ट्रमलंडचा वाडा बांधणारा.

१८८३ सालीं कुळांच्या स्थितीची चौकशी करण्यास सरकारनें कमिशन नेमलें. त्याचे अध्यक्ष लॉर्ड नेपियर हे एके काळीं मद्रासचे गव्हर्नर होते. कर्कवॉल येथें जेम्स लिओनार्ड या कुळानें त्यांच्यापुढें निर्भीडपणें साक्ष दिली. साक्षीदारांस उपद्रव होणार नाहीं अशी हमी बरोज याजकडे मागितली असतां त्यानें ती देण्याचें नाकारलें. आणि त्यानंतर लिओनार्ड व आणखी एक साक्षीदार यांना घरांबाहेर काढलें. १८८६ च्या कायद्यानें कुळांस जमिनीवर टिकून राहण्याचा हक्क मिळाला, व १८८८ सालीं राउझीवरील खंडही कमी झाले. पण लिओनार्डचें घर तोंपर्यंत गेलेलें होतें.

असा वाडा पडूं द्यावा, असें कोणी म्हणेल. आम्हांस तें पटत नाहीं. वाडा पडल्यानें लिओनार्डचें छप्पर परत येत नाहीं; उलट ज्यांच्या हातांनीं तो दगड घडविला त्यांचें कौशल्य तेवढें मातीस मिळतें. शिवाय गुन्ह्याची खूण नाहींशी करणें हें न्यायापेक्षां गुन्हेगाराच्याच अधिक सोयीचें असतें. दुसरा म्हणेल, दगड निर्दोष आहे, मग जुना इतिहास कशाला उकरावा? हेंही आम्हांस मान्य नाहीं. छप्पर दुरुस्त करणें ही मालकाची खाजगी बाब खरी. पण सुशोभित वास्तु आपण होऊन बोलूं लागते, आणि ती फक्त मालकाच्या अभिरुचीविषयींच बोलते. हिरवळीवर उभ्या राहिलेल्या पाहुण्यास क्वांडेल दिसत नाहीं. म्हणजे चुना लागतो भिंतीस, आणि झांकला जातो इतिहास.

याच वाड्याजवळ घडलेली एक गोष्ट येथें आठवते. १८९८ सालीं बरोजच्या आवडीच्या एका टेकाडावर बसण्याची जागा करण्यासाठीं खणतांना, कित्येक सहस्र वर्षांपूर्वींची दोन मजली दगडी समाधि खालीं सांपडली. ज्या मृतांचें त्याला नांवहि ठाऊक नव्हतें, त्यांच्या माथ्यावर बसून तो समुद्राची शोभा पाहत आला होता! आपली म्हणून मिरविलेली जागा आपल्या आधीं कोणाची तरी असते, हें सांगण्यास जमिनीला मालकाची परवानगी लागत नाहीं.

म्हणून आमचें मत असें कीं, ट्रमलंड हाउस अवश्य राखावें. पण त्या जीर्णोद्धारांत क्वांडेलच्या उघड्या भिंतींचाही वांटा असावा. त्यांवर छप्पर घालण्याचें कारण नाहीं. त्या कोणाच्या व कां ओस पडल्या, एवढें वाड्याच्या दारांतच सांगितलें जावें. लिओनार्डची साक्ष कमिशनच्या कागदपत्रांत छापलेली आहे. ज्या शब्दांपायीं त्याचें घर गेलें ते शब्द जेथें ऐकूं येतील, तेथें वाडा खऱ्या अर्थानें दुरुस्त झाला असें आम्ही म्हणूं; एरवीं ती नुसती डागडुजी होय.