करस्थळीचे लिंग आणि व्यक्तीचे स्वातंत्र्य

'आयुष्य माझे आहे, निर्णयही माझाच,' असे घरातील तरुण मुलगा किंवा मुलगी म्हणू लागली की वडीलधाऱ्यांच्या कपाळाला आठ्या पडतात. 'समाजात राहायचे आहे, चार लोक काय म्हणतील?' हे त्यांचे ठरलेले उत्तर. हा वाद आज घरोघरी चालू आहे. विशेष म्हणजे वाद घालणाऱ्या दोघांच्याही गळ्यात एकच इष्टलिंग असते. म्हणूनच हा तंटा शरणांच्या दारी नेला, तर तेथे कोणता निवाडा मिळेल, याचा विचार लिंगधारी भक्ताने अवश्य केला पाहिजे.

प्रथम इष्टलिंगाकडेच पाहू. दीक्षेच्या वेळी गुरू शिष्याच्या करस्थळी लिंग देतात. येथे गुरूंचे कार्य फार थोर आहे. त्यांच्यावाचून लिंगाची ओळखच होणार नाही. परंतु त्या क्षणानंतर पूजा कोणी करावयाची? ज्याच्या तळहातावर लिंग आहे, त्यानेच. गुरू शिष्याच्या वतीने पूजा करीत नाहीत, पती पत्नीच्या वतीने करीत नाही, पिता पुत्राच्या वतीने करीत नाही. देवालयाचे दार केव्हा उघडेल याची वाट पाहावी लागत नाही. सोयर-सुतकाने पूजेत खंड पडत नाही. स्त्री असो वा पुरुष, श्रीमंत असो वा मोलमजूर, प्रत्येकजण आपल्या तळहाताकडे पाहत परमेश्वरासमोर एकटा उभा राहतो. व्यक्तीच्या स्वातंत्र्याचा याहून स्पष्ट उच्चार कोणता असू शकेल? स्वतः बसवण्णांचे चरित्रही येथूनच सुरू होते. बालपणी उपनयनाचा संस्कार नाकारून ते घर सोडून कूडलसंगमाला गेले, असे परंपरा सांगते. कुळाने दिलेले श्रेष्ठत्व त्यांनी नको म्हटले, कारण ते त्यांच्या विवेकाला पटले नाही.

'विवेक' हा शब्द येथे महत्त्वाचा आहे. कन्नड वचनांत 'अरिवू' हा शब्द वारंवार येतो. जाण, बोध, अंतरीचे ज्ञान असा त्याचा अर्थ. शरणांनी या अरिवूला गुरूचे स्थान दिले. परंतु मनात आले ते अरिवू नव्हे. जे चारचौघांच्या प्रश्नांपुढे टिकते, ते अरिवू. कल्याणचे अनुभवमंटप याच कसोटीसाठी होते. अक्कमहादेवी कौशिक राजाचे वैभव सोडून उडुतडीहून कल्याणला आल्या, तेव्हा शरणांनी त्यांना लगेच डोक्यावर घेतले नाही. अल्लमप्रभूंनी त्यांची कठोर परीक्षा घेतली. वस्त्रांचा त्याग केला, मग केसांनी देह का झाकला, असा थेट प्रश्न त्यांना विचारला गेला, हा प्रसंग 'शून्यसंपादने'त विस्ताराने आला आहे. अक्कांच्या उत्तराचा आशय असा की, हे आवरण माझ्यासाठी नाही. पाहणाऱ्यांच्या मनाला क्लेश होऊ नयेत म्हणून आहे. सर्वसंगत्याग केलेल्या त्या स्त्रीने दुसऱ्याच्या मनाचा विचार सोडला नव्हता. आणि 'मला का विचारता?' असेही त्या म्हणाल्या नाहीत. आपल्या निर्णयाचे कारण त्यांच्यापाशी होते, आणि ते सांगण्याचे धैर्यही होते.

आपल्या मराठी मुलुखात बुद्धीचा आणि व्यक्तिस्वातंत्र्याचा कैवार घेणारे म्हणून गोपाळ गणेश आगरकर (१८५६-१८९५) यांचे नाव आदराने घेतले जाते. मिल आणि स्पेन्सर यांच्या विचारांचा त्यांच्यावर प्रभाव होता. १८८८ मध्ये त्यांनी 'सुधारक' पत्र सुरू केले, आणि रूढी बुद्धीला पटत नसेल तर ती सोडावी, असे निर्भीडपणे मांडले. त्यापायी जिवंतपणी आपली प्रेतयात्रा पाहण्याची वेळ त्यांच्यावर आली. ईश्वराच्या बाबतीत ते साशंक होते, शरण तर लिंगनिष्ठ. तेव्हा दोघांची वाट एक नव्हे. तरीही एका गोष्टीत दोघांचे जुळते. केवळ वाडवडील करीत आले म्हणून एखादी गोष्ट योग्य ठरत नाही, आणि ती नाकारणाऱ्याने त्याची किंमत स्वतः मोजली पाहिजे, हे दोघांनीही आचरणाने दाखविले.

परंतु शरण येथे थांबत नाहीत. ते आणखी एक प्रश्न विचारतात: 'मी' म्हणजे कोण? निर्णय माझा, असे मी म्हणतो. पण तो माझ्या विवेकाचा आहे, की माझ्या लोभाचा? आय्दक्की मारय्या आणि लक्कम्मा या शरण दांपत्याची कथा सर्वांना ठाऊक आहे. महामनेच्या अंगणात सांडलेले तांदूळ वेचून आणायचे आणि त्यातून दासोह चालवायचा, हे त्यांचे कायक. एके दिवशी मारय्यांनी नेहमीपेक्षा अधिक तांदूळ आणले. लक्कम्मांनी ते घरात ठेवून घेण्यास नकार दिला आणि जादा तांदूळ परत टाकून येण्यास पतीला सांगितले. गरजेहून अधिक घेणे ही आशा झाली, आणि आशा भक्ताला शोभत नाही, हा त्यांचा विचार. या एका प्रसंगात दोन गोष्टी आहेत. पतीची चूक पतीला तोंडावर सांगणारी स्त्री येथे स्वतंत्र आहे. आणि तिचे हे स्वातंत्र्य अधिक मिळविण्यासाठी खर्च होत नाही. ते लोभाला 'नाही' म्हणण्यासाठी खर्च होते. दुसऱ्याच्या हुकमातून सुटलेला मनुष्य जर आपल्याच हावेच्या हुकमात गेला, तर त्याने फक्त धनी बदलला, एवढेच म्हणावे लागेल.

म्हणूनच शरणधर्मात स्वातंत्र्याच्या एका बाजूस कायक आहे आणि दुसऱ्या बाजूस दासोह. कायक सांगते की आपला भार दुसऱ्यावर टाकू नकोस. दासोह सांगतो की मिळविलेले एकट्याचे समजू नकोस. या दोहोंमध्ये उभा राहणारा मनुष्य कोणाचा मिंधा नसतो आणि कोणाला परकाही नसतो.

आता मूळ वादाकडे वळू. या वादाचे सर्वांत धारदार टोक असते ते विवाहाचे. कल्याणमध्ये हरळय्या हे पूर्वाश्रमीचे चर्मकार, तर मधुवरस हे पूर्वाश्रमीचे ब्राह्मण. दोघांनीही लिंगदीक्षा घेतली होती. हरळय्यांचा पुत्र शीलवंत आणि मधुवरसांची कन्या लावण्या यांचा विवाह शरणांनी मान्य केला. दोघेही लिंगधारी, तेव्हा जात उरलीच कोठे, अशी शरणांची भूमिका. बिज्जळाच्या दरबाराला मात्र त्यात वर्णसंकर दिसला. हरळय्या आणि मधुवरस यांना देहान्त शासन झाले, शरणांची पांगापांग झाली आणि कल्याणची क्रांती रक्ताने माखली, असे परंपरा सांगते.

आपण दरवर्षी बसवजयंतीला ही कथा भक्तिभावाने ऐकतो. पुढे मुलीच्या स्थळाची चौकशी करताना पहिला प्रश्न कोणता असतो? पोटजात कोणती? लिंगवंत आहे, एवढे सांगून भागत नाही. जंगम की वाणी, पंचम की चतुर्थ, हे कळल्याशिवाय पत्रिका पुढे सरकत नाही. मग हरळय्यांच्या कथेला आपण हात जोडतो ते कशासाठी? मंगळवेढ्याहून कल्याणपर्यंत बसवण्णांनी जी वाट चालून दाखविली, तिच्या उलट दिशेने तोंड करून आपण त्यांचा जयजयकार करीत असू, तर तो जयजयकार त्यांना कसा पोहोचावा? वडीलधाऱ्यांनी 'चार लोक काय म्हणतील' असे म्हणण्यापूर्वी क्षणभर आठवावे, की मधुवरसांनाही चार लोक होते, आणि ते राजदरबारातले होते.

तरुणांनीही या कथेतून सोयीचे तेवढेच उचलू नये. कल्याणमधील तो विवाह चोरून झाला नाही. शरणांच्या साक्षीने, कारण सांगून, परिणाम पत्करून झाला. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याने आज सज्ञान स्त्री-पुरुषांना जात-धर्माची आडकाठी न येता विवाह करण्याचा मार्ग खुला आहे. कायद्याने हक्क दिला. पण हा निर्णय अरिवूतून आला आहे की क्षणिक मोहातून, याची परीक्षा कायदा घेत नाही. ती परीक्षा आपणच आपली घ्यायची असते. या निर्णयाचे कारण मी निर्भयपणे सांगू शकतो का? त्याचा भार मी स्वतः उचलणार आहे का? त्यात ज्यांचे मन दुखेल, त्यांच्याशी मी बोललो आहे का? या तीन प्रश्नांना ज्याचे उत्तर 'होय' आहे, त्याला अडविण्याचा अधिकार कोणत्याही वडिलांना, पंचांना वा समाजाला नाही. आणि मुलीला स्थळ पसंत नसताना तिचे 'नाही' मोडून काढण्याचा अधिकार तर नाहीच नाही. राजाला 'नाही' म्हणणाऱ्या अक्कांना आपण माता म्हणतो.

शरणांचा निवाडा असा दोघांनाही लागू पडतो. वडीलधाऱ्यांना तो सांगतो, की ज्या हातावर तुम्ही लिंग दिलेत, त्या हातावर विश्वासही ठेवा. तरुणांना तो सांगतो, की ज्या हातावर लिंग आहे, त्या हाताने केलेल्या प्रत्येक कर्माचा जाब त्याच हाताला द्यावा लागेल. उद्या सकाळी पूजेला बसताना दोघांनीही आपापल्या तळहाताकडे थोडे अधिक वेळ पाहावे, एवढीच विनंती.

शरणु शरणार्थी.