राजकन्या अलीस हिचे चुंबन

महाराणी व्हिक्टोरिया हिची कन्या अलीस ही 1862 साली विवाह होऊन जर्मनीतील हेस संस्थानात गेली. 1866 च्या युद्धात तिने जखमी शिपायांची शुश्रूषा केली, व पुढील साली परिचारिका तयार करण्यासाठी स्त्रियांची संस्था स्थापिली. हे काम हलके मानणारे आम्हांतही आहेत. त्यांनी हे ध्यानी धरावे.

1878 च्या नोव्हेंबरात तिच्या घरी घटसर्प शिरला. त्यावर तेव्हा लस नव्हती. पती व पाच मुले आजारी पडली. चार वर्षांची मे ही 16 तारखेस प्रभूकडे गेली. ही वार्ता अलीसने आजारी पुत्र एर्न्स्ट याजपासून काही दिवस लपविली. शेवटी सांगावी लागली. बालक शोकाने व्याकुळ झाला, तेव्हा तिने त्यास पोटाशी धरून त्याचे चुंबन घेतले, असे सांगतात. संसर्गाचे भय तिला ठाऊक नव्हते, असे नव्हे. मग तिचे चुकले काय? प्रभूने कुष्ठ्यास हात लाविला, हे आम्हांस आठवते. निकाल देण्यास आमची जीभ धजत नाही.

14 डिसेंबर रोजी, पित्याच्या मृत्यूस बरोबर 17 वर्षे झाली त्याच दिवशी, ती 35 व्या वर्षी निवर्तली. एर्न्स्ट मात्र वाचला.