परतवाड्याचा लेखक, मावळातला पडदा

गोपाळ नीलकंठ दांडेकर, म्हणजेच गोनीदा, ८ जुलै १९१६ रोजी अमरावती जिल्ह्यातल्या परतवाड्याला जन्मले. तेराव्या वर्षी, सातवीत असताना, स्वातंत्र्याच्या चळवळीपायी त्यांनी शाळा आणि घर दोन्ही सोडलं. पुढे गाडगेमहाराजांचा सहवास, नर्मदेची परिक्रमा, आणि अखेर तळेगाव दाभाड्याला बिऱ्हाड. गडकोटांचा आणि मावळचा लेखक म्हणून ते इतके रुजले, की त्यांचं जन्मगाव ऐकून पुष्कळांना अजून नवल वाटतं.

त्यांच्या कथांनी मराठी चित्रपटाला दिलं ते मुख्यतः बोलणं. गोनीदांच्या कादंबरीत माणूस आधी ऐकू येतो, मग दिसतो. ‘पवनाकाठचा धोंडी’ (१९६६) मावळातल्या हवालदाराचा, तर जब्बार पटेल यांचा ‘जैत रे जैत’ (१९७७) कर्नाळ्याच्या परिसरातल्या ठाकरांचा. ढोलवाला नाग्या आणि लिंगोबाच्या कड्यावरची राणीमाशी यांचं वैर केवळ घटना म्हणून सांगितलं, तर चार ओळींत संपेल. ते पेललं ना. धों. महानोरांच्या गीतांनी, हृदयनाथ मंगेशकरांच्या संगीताने आणि मुळातल्या ठाकरी वळणाने. सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार या दोन्ही चित्रपटांना मिळाला.

मग गोनीदांच्या जन्मभूमीचं, वऱ्हाडाचं काय? ते आलं त्याच १९७७ साली, गाडगेमहाराजांवरच्या ‘देवकीनंदन गोपाला’मधून. गाडगेबाबा शेंडगावचे, कथाकार परतवाड्याचा आणि दिग्दर्शक राजदत्त धामणगावचे. तिन्ही गावं अमरावती जिल्ह्यातली. हा योग मराठी चित्रपटात दुर्मीळच म्हणायला हवा. श्रीराम लागू यांनी बाबा साकारले. बाबांचं कीर्तन म्हणजे श्रोत्यांना प्रश्न विचारत, त्यांच्याच तोंडून उत्तर वदवून घेत चालणारी वऱ्हाडी जुगलबंदी. पटकथेला याहून तयार संवाद कुठला मिळणार? गोनीदांनी ती कीर्तनं स्वतः ऐकली होती, बाबांचं चरित्रही लिहिलं होतं. तरीही एवढा कान असलेल्या लेखकाची जन्मभूमी पडद्यावर ठळकपणे आली ती या एकाच चित्रपटात, तीही एका संताचं बोट धरून. मावळातल्या हवालदाराला किंवा ठाकराच्या पोराला नायक व्हायला संत असावं लागलं नाही. वऱ्हाडातल्या साध्या शेतकऱ्याच्या वाट्याला हे भाग्य फार उशिरा आलं. मधल्या काळात त्याची बोली दूरचित्रवाणीवर बहुधा हशा पिकवण्याच्या कामी आली. यात दोष बोलीचा नाही, तिच्याकडे हलकी म्हणून पाहणाऱ्या लेखणीचा आहे.

गीताच्या वाटेने मात्र वऱ्हाडाची शेती चित्रपटात शिरली. राजदत्त यांच्याच ‘अरे संसार संसार’मध्ये (१९८१) अकोल्याचे कवी विठ्ठल वाघ यांची तिफणीची कविता अनिल-अरुण यांच्या संगीतात आली. अकोल्याच्या तिफणीमागे चालणारी माणसं ते गाणं आपलं म्हणून गुणगुणू लागली. वऱ्हाडीत ‘ळ’चा ‘य’ होतो: डोळे म्हणजे डोये, काळी म्हणजे कायी. वाघांच्या कवितासंग्रहाचं नाव ‘काया मातीत मातीत’ असं आहे. चित्रपटातल्या गीतात तीच माती ‘काळी’ झाली.