एक खजूर आणि चाळीस किलोबाइट



उन्हाळ्याच्या सुट्टीत गोंदियात दुपारी बारानंतर सहसा कोणी घराबाहेर पडत नाही. अशाच एका दुपारी माझा चौदा वर्षांचा मुलगा संगणकासमोर बसून काहीतरी खटपट करीत होता. विचारले तेव्हा तो म्हणाला, की तुम्ही लहानपणी टीव्हीला जोडून जे व्हिडिओ गेम खेळत होतात, तेच आता संगणकावर चालवता येतात. त्यासाठी लागणारा एम्युलेटर फुकट मिळतो आणि खेळही फुकट मिळतात. मग क्षणभर थांबून त्याने विचारले, "अब्बा, पण हे घेणं जायज आहे ना?"

माझ्या ओठांवर तयार उत्तर होते: खेळात वेळ दवडू नकोस, अभ्यास कर. पण त्याने वेळेविषयी विचारलेच नव्हते. त्याने दुसऱ्याच्या मालमत्तेविषयी विचारले होते. आपल्याही घरी संगणक असेल, मोबाइल असेल, मुले असतील. म्हणून तो प्रश्न जसाच्या तसा आपल्यापुढे ठेवतो आहे.

आधी वस्तू नीट समजून घेऊ. जपानच्या निन्टेन्डो कंपनीने १९८३ साली 'फॅमिकॉम' नावाचे खेळण्याचे यंत्र बाजारात आणले. आपल्याकडच्या बाजारात पुढे टीव्हीला जोडायचे जे स्वस्त व्हिडिओ गेम आले, त्यांतील पुष्कळसे याच यंत्राच्या नकला होत्या. एम्युलेटर म्हणजे त्या जुन्या यंत्राचे हुबेहूब अनुकरण करणारा कार्यक्रम. तो आजच्या संगणकाच्या आत जणू जुने यंत्र उभे करतो. परंतु यंत्र उभे राहिले म्हणजे खेळ मिळाला असे होत नाही. खेळ असतो कॅसेटमध्ये, आणि त्या कॅसेटमधील मजकुराची जी प्रत काढतात तिला रॉम फाइल म्हणतात. काही यंत्रे सुरू होण्यासाठी त्यांच्या पोटातला एक आरंभीचा कार्यक्रमही लागतो. तोही त्या कंपनीचीच निर्मिती असतो. म्हणूनच प्लेस्टेशन २ चा प्रसिद्ध एम्युलेटर बनवणारे तो भाग स्वतः देत नाहीत. आपल्या मालकीच्या यंत्रातून काढून घ्या, असे सांगतात.

येथेच पहिला भेद स्पष्ट होतो. अनेक एम्युलेटर हौशी तंत्रज्ञांनी वर्षानुवर्षे खपून तयार केले आणि सर्वांसाठी खुले ठेवले. ते राजीखुशीने दिलेले दान आहे. ते घेण्यात कसलाही संकोच नको. अमेरिकेतील अपील न्यायालयानेही २००० साली सोनी विरुद्ध कनेक्टिक्स या खटल्यात प्लेस्टेशनचे अनुकरण करणाऱ्या कार्यक्रमाच्या बाजूने निर्णय दिला आणि त्यासाठी केलेला मूळ यंत्राचा अभ्यास वैध मानला. रॉम फाइलचे तसे नाही. ज्याने खेळ घडवला त्याने ती दिलेली नसते. कोणा तिसऱ्यानेच ती काढून वाटलेली असते. एक वस्तू दिलेली आहे, दुसरी घेतलेली आहे. संगणकाच्या पडद्यावर मात्र दोन्ही एकाच रीतीने, एका बोटाच्या दाबाने उतरतात, आणि त्यामुळे हा भेद डोळ्यांआड होतो.

दिव्य कुरआनात सूरह निसाच्या २९ व्या आयतीत एकमेकांचे धन गैरमार्गाने खाण्यास मनाई आहे, आणि वैध मार्ग म्हणून परस्परांच्या संमतीने होणारा व्यवहार सांगितला आहे. कसोटी संमतीची आहे. मुलाच्या प्रश्नाला मला याच कसोटीवर उत्तर द्यायचे होते; पण त्याच्यापाशी एकामागून एक युक्तिवाद होते, आणि ते पोरकट मुळीच नव्हते.

त्याचा पहिला युक्तिवाद असा: प्रत काढल्याने मूळ वस्तू नाहीशी होत नाही, मग ही चोरी कशी? वाचकहो, हा प्रश्न आपल्या उलेमांनीही गांभीर्याने हाताळला आहे. लेखनाचा वा शोधाचा हक्क ही हातात धरता येणारी वस्तू नव्हे, म्हणून त्याची खरेदी-विक्री मानता येत नाही, असे मत भारतीय उपखंडातील काही जुन्या विद्वानांनी मांडले होते. परंतु डिसेंबर १९८८ मध्ये कुवेत येथे भरलेल्या अधिवेशनात आंतरराष्ट्रीय इस्लामी फिक्ह अकादमीने असे हक्क शरीअतच्या दृष्टीने मान्य असल्याचे आणि त्यांच्यावर अतिक्रमण करणे वैध नसल्याचे ठरवले. यामागील विचार आपल्या जिल्ह्यातील माणसाला समजणे अवघड नाही. विडी वळणाऱ्या बाईला हजार विड्यांमागे मजुरी मिळते. खराब म्हणून काही विड्या बाजूला काढायच्या, त्यांची मजुरी द्यायची नाही आणि विड्याही परत करायच्या नाहीत, असे कोणी केले तर आपण त्याला अन्याय म्हणतो. पान त्याचे, तंबाखू त्याचा. मग त्या बाईचे गेले काय? तिचे श्रम गेले. खेळाच्या प्रतीतही कोणाचे तरी श्रमच असतात. मजुराला त्याचा घाम वाळण्याआधी मोबदला द्यावा, ही प्रेषित मुहम्मद (स.) यांची शिकवण केवळ शेतमजुरापुरती नाही.

दुसरा युक्तिवाद अधिक वजनदार आहे. जुने खेळ आता विकतच मिळत नाहीत. मग पैसे द्यायचे म्हटले तरी कोणाला? ही तक्रार खोटी नाही. व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशन या अमेरिकी संस्थेने २०२३ साली केलेल्या पाहणीत आढळले, की त्या देशात २०१० पूर्वी आलेल्या खेळांपैकी सुमारे ८७ टक्के आज बाजारात उपलब्ध नाहीत. मात्र मुलाला जो खेळ हवा होता, तो 'सुपर मारिओ ब्रदर्स', निन्टेन्डो आजही आपल्या नव्या यंत्रावर वर्गणी घेऊन देते. 'मिळत नाही' या शब्दांचा अर्थ पुष्कळदा 'फुकट मिळत नाही' एवढाच असतो.

आणि जे खरोखरच मिळत नाही त्याचे काय? आपल्या जिल्ह्यातील मामा तलाव आठवा. कोहळी समाजातील जाणत्यांनी पिढ्यान्‌पिढ्या हे तलाव बांधले. नवेगाव बांधचा विस्तीर्ण तलाव कोलू पाटील कोहळी यांनी बांधला असे सांगतात. १९५० च्या कायद्याने मालगुजारी गेली आणि पुढे तलाव सरकारकडे आले. कित्येकांत गाळ साचला, पाळी खचल्या. पण मालक बदलला, देखभाल थांबली, म्हणून तलाव बेवारस ठरला नाही. कोणाच्या शेताला किती पाणी, याच्या हक्काच्या नोंदी राहिल्या. दुर्लक्ष झाले म्हणून कोणी आपल्या मनाने पाणी सोडू लागला तर सारा गाव त्याला जाब विचारील.

शरीअतमध्ये सापडलेल्या वस्तूचा नियम आहे, ज्याला 'लुकता' म्हणतात. वस्तू सापडली तर तिची ओळख लक्षात ठेवावी आणि वर्षभर तिच्या मालकाचा पुकारा करावा, असे प्रेषित (स.) यांनी शिकवले. मालक ठाऊक नसतानाही एवढी काळजी! येथे तर खेळ सुरू होताच पहिल्या पडद्यावर मालकाचे नाव आणि साल झळकते. मालकाने आपला ठेवा कुलूपबंद ठेवून लोकांना वंचित ठेवणे हेही चांगले नाही, आणि जुन्या कृती जतन करण्याचा मार्ग कायद्याने मोकळा करावा ही मागणी रास्त आहे. तथापि मालक आपल्या कर्तव्यात चुकला, म्हणून त्याचा हक्क आपल्या हाती येत नाही.

तिसरा युक्तिवाद मुलाने जरा हसतच मांडला: एवढी मोठी कंपनी, ती जपानात, आपण गोंदियात, तिला काय फरक पडणार? यावर मी त्याला हिजरतच्या रात्रीची आठवण करून दिली. मक्केचे लोक प्रेषितांच्या जिवावर उठले होते. तरीही त्यांतील कित्येकांच्या अमानती प्रेषितांपाशीच ठेवलेल्या होत्या. त्या ज्याच्या त्याला पोचत्या करण्यासाठी हजरत अली (रजि.) यांना मागे ठेवण्यात आले. समोरचा आपला आहे की परका, श्रीमंत आहे की गरीब, मित्र आहे की वैरी, याने अमानतीचा नियम बदलत नाही.

शेवटचा युक्तिवाद सर्वांत साधा होता: गोष्ट किती लहान आहे! तो म्हणाला ते खरेच होते. १९८५ चा तो अख्खा खेळ ४० किलोबाइटचा आहे. मोबाइलवर काढलेले एक छायाचित्र सहज त्याच्या पन्नासपट जागा व्यापते. पण हजरत हसन (रजि.) लहान असताना सदक्याच्या खजुरांतील एक खजूर त्यांनी तोंडात टाकला, तेव्हा प्रेषितांनी तो लगेच बाहेर काढायला लावला आणि सदक्याचे आपण खात नाही, याची आठवण दिली. ढिगातील एक खजूर, आणि घेणारे अजाण बालक. तरीही ती शिकवण पुढच्या वयासाठी राखून ठेवली गेली नाही. मोठ्या रकमेचा प्रामाणिकपणा मनुष्य पुढे बाजारात शिकतोच. आपले काय आणि दुसऱ्याचे काय, हे मात्र तो घरात, अशा एका खजुरावरच शिकतो.

मुलगा गप्प झाला. मला वाटले, विषय संपला. तेवढ्यात त्याने विचारले, "अब्बा, मग आपल्या संगणकावर तुम्ही उर्दू टाइप करता, तो प्रोग्राम आपण विकत घेतला होता का?"

वाचकहो, आपल्यापासून काय लपवू? घेतला नव्हता. संगणक आणला तेव्हा दुकानदाराने इतर चार गोष्टींबरोबर तोही टाकून दिला होता. मी पावती मागितली नाही, कारण पावती नसणार हे मला ठाऊक होते. त्याच कार्यक्रमावर मी अनेक वर्षे लिहीत आलो. त्यात अमानतीवरचे लेखही होते. मुलाच्या खजुराचा हिशेब मांडणाऱ्याच्या घरात टोपलीभर खजूर पडून होते, आणि त्यांच्याकडे कोणाचे लक्ष नव्हते.

उलेमा सांगतात, की बंद्यांचे हक्क नुसत्या तौबाने फिटत नाहीत. ज्याचे आहे ते त्याला पोचवावे लागते. आज युनिकोडमुळे उर्दू आणि मराठी लिहिण्याची सोय संगणकातच विनामूल्य असते, त्यामुळे त्या कार्यक्रमावाचून माझे काम अडले नसते. तरी इतक्या वर्षांच्या वापराचे देणे शिल्लक होते. मी त्याचा परवाना रीतसर पैसे भरून घेतला. रक्कम मोठी नव्हती. लाज मात्र मोठी होती.

आता आपल्या घरापुरते व्यवहारात काय करावे? एम्युलेटर तो बनवणाऱ्यांकडूनच घ्यावा. आपल्यापाशी खरी, विकत घेतलेली कॅसेट किंवा डिस्क असेल तर तिच्यावरून स्वतःसाठी प्रत काढता येते. भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचे कलम ५२ अशा कायदेशीर प्रतीवरून खासगी, बिगरव्यापारी वापराला मुभा देते. पण ती डिस्कच मुळात बाजारातली नक्कल असेल, तर तिची नक्कलही तशीच राहते. आजही काही हौशी लोक जुन्या यंत्रांसाठी नवे खेळ रचतात आणि खुशीने फुकट देतात. ते शोधून घ्यावेत. जे विकत मिळते ते ऐपतीप्रमाणे विकत घ्यावे. ज्याच्या मालकाचा पत्ता लागत नाही, त्याची गणना संशयास्पद गोष्टींत होते. आणि संशयापासून दूर राहणाऱ्याने आपला दीन व आपली अब्रू सांभाळली, हे आपण जाणतोच. शिवाय जायज खेळही असरची नमाज खाऊ लागला, तर तो प्रश्न वेगळा, पण लहान नव्हे.

माझ्या मुलाने तो जुना खेळ घेतला नाही. एका हौशी निर्मात्याने खुला ठेवलेला नवा खेळ त्याने बसवला, आणि मगरिबपूर्वी आम्ही दोघे तो थोडा वेळ खेळलोही. मी हरलो.

आज रात्री आपणही घरातील संगणक आणि मोबाइल एकदा उघडून पाहा. कोणती वस्तू दिलेली आहे आणि कोणती घेतलेली, याची यादी मुलांना सोबत घेऊन करा. आणि तीत आधी आपले नाव लिहा, मग त्यांचे. अल्लाह आपल्या घरांत हलालची बरकत देवो आणि आपल्या लेकरांपुढे आपल्याला खरे ठरवो. आमीन.