खिडकीतून टाकलेली दस्ती

मंगळवार होता, देवीचा वार. धाराशिवच्या एसटी स्टँडवर तुळजापूरला निघालेल्यांची झुंबड उडाली होती. त्यात एक तरुण होता. त्याला नवस फेडायचा होता. त्यासाठी त्याने शेळी विकली होती आणि ते पैसे दस्तीच्या टोकाला बांधले होते.

तुळजापूरवरून जाणारी सोलापूर गाडी लागली. सगळे दाराशी धावले. तरुणाने खिडकीतून दस्ती टाकून जागा धरली. घाईत पैशांचा त्याला विसर पडला.

रेटारेटी करत तो आत शिरला. पाहतो तर त्याच्या जागेवर पांढऱ्या पटक्याचा एक म्हातारा बसलेला. दस्ती त्याच्या मुठीत.

"ए म्हाताऱ्या, ऊठ! दस्ती टाकलेली दिसली नाही का?"

"लेकरा, ऐक की जरा..."

"काय ऐकायचं? आयती जागा पाहिजे तुला!"

म्हातारा उठला. दस्ती तरुणाच्या हातात दिली आणि दांडी धरून उभा राहिला. शेजारची बाई काही बोलणार होती. म्हाताऱ्याने तिला हातानेच थांबवले.

डबल बेल झाली. गाडी निघाली. वाटेत एका फाट्यावर म्हातारा उतरून गेला.

गर्दीतून वाट काढत कंडक्टर तिकिटाला आला. तरुणाने दस्ती पाहिली आणि तो दचकला. त्याने एकच गाठ मारली होती. इथे दोन होत्या.

बाई म्हणाली, "तुझी गाठ सुटली होती, बाबा. नोटा खाली सांडल्या होत्या. त्यांनी वाकून एकेक वेचली, पुन्हा बांधली. खिडकीतून कुणी हात घालू नये म्हणून बसून राहिले."

तरुणाने पैसे मोजले. एक रुपयाही कमी नव्हता.

नवस फेडून परतताना तो त्या फाट्यावर उतरला. तिथून तीन गावांच्या वाटा फुटत होत्या. त्याने टपरीवाल्याला विचारले, "पांढरा पटका बांधणारे एक बाबा इकडे आले होते का?"

टपरीवाला हसला. "तसले बाबा इथं घरोघर आहेत. नाव काय त्यांचं?"

नाव तरुणाने विचारलेच नव्हते.

तात्पर्य : घरच्या माणसाची माफी उद्याही मागता येते. वाटेवरचा माणूस पुन्हा भेटेलच असे नाही. म्हणून त्याच्याशी पहिलाच शब्द जपून बोलावा.